मंत्रिसाहेब, एक वायरिंग डायग्राम मिळेल का?

प्रति,
मा. केंद्रीय ग्राहक व्यवहार, अन्न व सार्वजनिक वितरण मंत्री,
भारत सरकार, नवी दिल्ली.

विषय: गाडीचे वर्कशॉप मॅन्युअल, म्हणजे दुरुस्तीचे पुस्तक, गाडीच्याच मालकाला मिळण्याबाबत.

महोदय,

सविनय नमस्कार. आपण धारवाडचे खासदार, मी बेळगाव जिल्ह्यातल्या खानापूर तालुक्याचा. बेळगाव ते धारवाड अंतर ऐंशीएक किलोमीटर. शेजारी म्हणून आधी आपली ख्यालीखुशाली विचारायला हवी होती, पण गेल्या आठवड्यात एका अधिकृत सर्व्हिस सेंटरने माझ्या हातात 41,300 रुपयांचे एस्टिमेट ठेवले आणि माझ्यातला पाहुणचार तिथेच आटला.

गाडी पेट्रोलची, लहान, वॉरंटी कधीच संपलेली. आमच्या जांबोटीकडचा पाऊस आपल्या कानावर असेल. आषाढ लागला की शेतातले उंदीर घरात येतात आणि घरातले बॉनेटखाली जातात. एका सकाळी चेक इंजिनचा दिवा लागला, गाडी चार-चार वेळा स्टार्टर मारल्याशिवाय सुरू होईना. खानापुरातल्या आमच्या फिटरने आपला स्वस्तातला स्कॅनर लावला. कोड आला पी-0340, म्हणजे कॅमशाफ्ट पोझिशन सेन्सरच्या सर्किटमध्ये बिघाड. नवा सेन्सर आणून बसवला, कोड तसाच. म्हणजे सेन्सर ठीक, वायर गेलेली. बॉनेटखाली उंदराच्या लेंड्याही सापडल्या, आणखी काय पुरावा हवा?

या सेन्सरला तीनच वायरी असतात, साहेब. एक सप्लाय, एक अर्थिंग, एक सिग्नल. त्या शे-दीडशे वायरींच्या जुडग्यात शिरतात, टेपमध्ये गुंडाळून इंजिनामागून जातात आणि ईसीयूच्या, म्हणजे इंजिनच्या कॉम्प्युटरच्या, सॉकेटमध्ये निघतात. कुठल्या रंगाची वायर कुठल्या पिनला जाते एवढे कळले की मल्टिमीटरचे एक टोक इकडे, एक तिकडे. पाच मिनिटांत कुठली वायर तुटली ते समजते. मग नवी वायर, सोल्डर, वर स्लीव्ह. खर्च शंभर रुपये, फिटरची मजुरी वेगळी.

सर्व्हिस सेंटरने मात्र सांगितले, पूर्ण हार्नेस, म्हणजे वायरींचे ते अख्खे जुडगे, बदलावा लागेल. तुकडा जोडून द्यायची कंपनीची पॉलिसी नाही. मी म्हटले, नका जोडू, मला फक्त त्या सर्किटचा डायग्राम दाखवा, मी समोर उभा राहून कागदावर उतरवून घेतो. टॅब हातात घेतलेला तो पोरगा हसला. "अंकल, ते बाहेर देता येत नाही." टॅब त्याच्या हातात, डायग्राम टॅबमध्ये, गाडी माझी, आरसी बुकावर नाव माझे. आणि मी बाहेरचा.

साहेब, मी अठ्ठावीस वर्षे बेळगावच्या औद्योगिक वसाहतीत, उद्यमबागेत, लेथवर उभा आहे. मिलिमीटरच्या शंभराव्या भागात काम करून पोट भरतो. बेळगावच्या फौंड्र्यांत गाड्यांचे भाग ओतले जातात, आमच्यासारख्यांच्या मशीनवर ते घासले-कापले जातात, हे आपल्याला ठाऊक असणारच. भाग बनवायचा असतो तेव्हा ड्रॉइंग येते, टॉलरन्ससकट, म्हणजे मापात किती फरक चालेल त्यासकट येते, एक रेघही लपवलेली नसते. तोच भाग गाडीत बसून, शोरूमला जाऊन, माझ्याच पैशाने माझ्या दारात आला की त्याचे ड्रॉइंग राष्ट्रीय गुपित होते. बनवायला आमच्यावर विश्वास आहे, उघडायला नाही.

आता माझे रडगाणेही ऐकूनच घ्या. घरात आई आहे, आठवड्यातून दोनदा डायलिसिस. बेळगावला न्यायचे, चार तास थांबायचे, परत आणायचे. बसला आईला तिकीट लागत नाही, त्याबद्दल राज्य सरकारचे आभार. पण डायलिसिस करून आलेल्या बाईला स्टँडवर उभी करून बसची वाट बघत बसता येत नाही. म्हणून भाड्याची गाडी, जाऊन-येऊन 1,800 रुपये. रात्री-अपरात्री दम लागला तर कुणाचे दार वाजवायचे, याची यादी बायकोने फ्रीजवर चिकटवली आहे. शेजाऱ्यांची नावे आहेत त्यात. आमची स्वतःची गाडी अंगणात ताडपत्रीखाली, वरून धो-धो पाऊस आणि आत कदाचित तेच उंदीर, दुसरी वायर शोधत. हे सगळे कशापायी? एका कागदापायी.

मॅन्युअल मी शोधले नाही असे समजू नका. गाडीच्या खणात जे पुस्तक मिळते ते पाठ आहे. टायरमध्ये हवा किती, सीटबेल्ट कसा लावावा, आणि चेक इंजिनचा दिवा लागला तर? "जवळच्या अधिकृत सेवा केंद्राशी संपर्क साधा." इंटरनेटवर पैसे घेऊन वर्कशॉप मॅन्युअलची पीडीएफ विकणारे आहेत. मीही एक घेतली. नाव माझ्याच गाडीचे, पण ती ऑस्ट्रेलियात विकलेल्या मॉडेलची निघाली, इंजिन दुसरे, वायरींचे रंग दुसरे. कोल्हापूरच्या शिवाजी उद्यमनगरात एका दोस्ताने जुन्या मॉडेलची झेरॉक्स काढून दिली. तिच्यात कनेक्टरच्या पिना माझ्यापेक्षा कमी भरल्या. चोरबाजारातसुद्धा खरा माल मिळत नाही, ही आपल्या गाडी उद्योगाची केवढी मोठी प्रगती!

मग आपल्या खात्याच्या गोष्टी वाचायला लागलो, तेव्हा रक्तदाब जास्त वाढला. जुलै 2022 मध्ये खात्याने 'राइट टू रिपेअर'साठी, म्हणजे दुरुस्तीच्या हक्कासाठी, समिती नेमली. चार क्षेत्रे ठरवली: शेतीची अवजारे, मोबाइल, घरातली उपकरणे आणि गाड्या. गाड्या! आमच्या मनात पालवी फुटली. 24 डिसेंबर 2022 ला, राष्ट्रीय ग्राहक दिनी, पोर्टल निघाले. आम्हाला ते तेव्हा कळलेच नाही, कारण त्याच महिन्यात आमच्याकडे हिरेबागेवाडीच्या टोलनाक्यावर महाराष्ट्राच्या ट्रकांवर दगडफेक झाली होती आणि कोल्हापूरकडच्या एसटी बंद पडल्या होत्या. आमच्या भागात बातमी म्हणजे तीच. पण कळले असते तरी काय दिवे लागणार होते? पोर्टलवर माहिती द्यायची ती कंपनीने आपल्या खुशीने. माझ्या गाडीच्या कंपनीची खुशी किती? खणातलेच पुस्तक, आता पीडीएफमध्ये. मे 2025 मध्ये आणखी एका समितीने वस्तू दुरुस्त करायला किती सोपी याला गुण द्यावेत असा अहवाल दिला. तो मोबाइल आणि इलेक्ट्रॉनिक वस्तूंपुरता. गाडी रांगेत मागे. बहुधा तीही अंगणात ताडपत्रीखाली असावी.

आणि ग्राहक हेल्पलाइनच्या 1915 वर तक्रार नोंदवा, एवढे तरी सांगू नका. तक्रार कशाची नोंदवू? कंपनीने कुठला कायदा मोडला? मॅन्युअल द्यावेच लागेल असा कायदा आपण केलाच नाही, तो मोडणार कोण?

खरे तर निकाल कधीच लागलेला आहे. शमशेर कटारिया नावाच्या एका ग्राहकाने 2011 मध्ये भारतीय स्पर्धा आयोगाकडे तीन कंपन्यांविरुद्ध तक्रार केली. चौकशीत एकेक करून बाकीच्याही सापडल्या. 25 ऑगस्ट 2014 ला आयोगाने 14 कंपन्यांना अडीच हजार कोटींच्या वर दंड ठोठावला. सुटे भाग, तपासणीची साधने, दुरुस्तीची माहिती बाहेरच्या गॅरेजला न देणे म्हणजे बाजार अडवणे, असे त्यात स्वच्छ म्हटले आहे. बाहेर काम केले म्हणून सरसकट वॉरंटी रद्द करता येणार नाही, असेही आहे. हे आमचे बौद्धिक धन आहे म्हणून कंपन्यांनी ओरड केली, तीही आयोगाने ऐकून बाजूला ठेवली. झाले, कंपन्या कोर्टात गेल्या. आता दहा वर्षांवर काळ लोटला, आणि टॅबवाला पोरगा मला सांगतो, बाहेर देता येत नाही. त्याला 2014 ची ऑर्डर माहीत नाही, यात त्याचा काय दोष? त्याच्या मालकाला माहीत आहे आणि कोर्टाची तारीखही माहीत आहे, एवढेच.

कोर्टाचे आम्हा सीमावासीयांना सांगू नये कुणी. 1956 पासून आमचा प्रश्न लोंबकळतो आहे, 1967 ला महाजन आयोगाचा अहवाल आला, 2004 पासून महाराष्ट्राचा दावा सर्वोच्च न्यायालयात आहे. 865 गावांचा प्रश्न. माझ्या वडिलांनी तारखा मोजल्या, आता मी मोजतो. दंडाचेही तसेच होणार, हे सांगायला ज्योतिषी नको. श्रीमंताला वेळ विकत घेता येतो, गरिबाला तो भाड्याच्या गाडीत घालवावा लागतो.

गंमत म्हणजे याच कंपन्या युरोपात सरळ असतात. तिथे 2007 पासून नियम आहे, बाहेरच्या गॅरेजला दुरुस्तीची सगळी माहिती संकेतस्थळावर द्यायची. तासाची, दिवसाची, महिन्याची, वर्षाची अशी वर्गणी ठरवून. अमेरिकेत मॅसॅच्युसेट्स राज्याच्या मतदारांनी 2012 मध्ये मतपेटीतून हा हक्क घेतला आणि 2014 मध्ये कंपन्यांनी देशभर माहिती द्यायचे मान्य केले. मलाही फुकट नको आहे. एका तासाची वर्गणी घ्या, पाचशे घ्या, हजार घ्या. एक तास मिळाला तर तीन वायरी कागदावर उतरवून घेऊन अर्धा तास परत देईन.

सुरक्षेचे कारण पुढे येईल, म्हणून आधीच बोलतो. अडाणी माणूस ब्रेक उघडेल, मरेल, असे म्हणतात. अहो, उघडतोच आहे तो! पंधरा गावांच्या गाड्या खानापूरच्या गॅरेजांत उघडतात, कारण अधिकृत सेंटर बेळगावला आणि तिथले लेबर परवडत नाही. फरक इतकाच की इंजिनच्या हेडच्या बोल्टला किती टॉर्क, म्हणजे तो किती जोराने आवळायचा, आणि त्यावर किती अंश फिरवायचा, हे त्याला अंदाजाने करावे लागते. एबीएस गाडीच्या ब्रेकमधली हवा काढायला काही मॉडेलला कंपनीचाच स्कॅनर लागतो, तो त्याच्याकडे नसतो. माहिती दाबून ठेवल्याने रस्ता सुरक्षित होतो असे ज्याला वाटते त्याने चोर्ला घाटात अंदाजाने बसवलेल्या ब्रेकवर एकदा उतरून दाखवावे.

आमचा फिटर सातवी शिकलेला आहे, मराठी वाचतो, कानडी बोलतो, इंग्रजीत फक्त पार्टची नावे कळतात त्याला. सर्व्हिस सेंटरमध्ये माझ्यामागे उभा होता तो बैलहोंगलकडचा कानडी शेतकरी, त्याच्या हातातले एस्टिमेट माझ्याहून जाड. भाषेवरून आम्हाला झुंजवणारे पुष्कळ आहेत, पण लुटताना कुणी भाषा विचारली नाही. हा बंधुभाव कंपन्यांनी घडवून आणला, त्याबद्दल त्यांना एखादा पुरस्कार द्यावा.

हिशोबच मांडायचा तर घ्या. आमच्या तालुक्यात दहा हजार चारचाकी धरा. हा माझा अंदाज, आरटीओचा नव्हे. प्रत्येकाने वर्षाला फक्त तीन हजार रुपये या अडवणुकीपायी जास्त दिले तर तीन कोटी झाले. एका तालुक्याचे! आणि वर बिलावर 18 टक्के जीएसटी, म्हणजे माझ्या अडवणुकीत सरकारचीही पाती आहे. गाडी घेताना कर्नाटकात आजीवन कर, पाच लाखांच्या आतल्या गाडीलासुद्धा 13 टक्के. पेट्रोलवर कर, विम्यावर कर, टोल आहेच. एवढे सगळे घेणारा सरकार नावाचा भागीदार, गाडी बंद पडली की ओळख दाखवत नाही. दिल्ली सांगते राज्याकडे जा, बंगळूर सांगते हा केंद्राचा विषय, कंपनी सांगते पॉलिसी नाही. बेळगावात 2012 पासून सुवर्ण विधानसौध उभी आहे, हिवाळ्यात तिथे अधिवेशन भरते, गाड्यांचा ताफा लागतो. त्यातली एकतरी गाडी उंदराने खाऊन बंद पाडावी, अशी आमची नंदगडपर्यंतच्या सगळ्या देवांना प्रार्थना आहे. त्या मंत्र्याला हार्नेसचे एस्टिमेट कोण देतो ते बघू. पण त्याला काय, बिल खात्यावर.

मागणी छोटी आहे, पत्र लांबले. पोर्टल नको, कायदा हवा. देशात विकल्या जाणाऱ्या प्रत्येक गाडीचे वर्कशॉप मॅन्युअल, वायरिंग डायग्राम आणि बिघाडाच्या कोडची पूर्ण यादी मालकाला आणि त्याने निवडलेल्या फिटरला वाजवी वर्गणीत मिळालीच पाहिजे, आणि जी कंपनी हे देत नाही तिला नवे मॉडेल विकायची परवानगी नको. 2014 च्या आदेशात निम्मे लिहून ठेवलेलेच आहे, आपल्या सचिवांना नव्याने डोके चालवावे लागणार नाही.

उत्तर मराठीत यावे असा हट्ट नाही. कानडी वाचता येते, इंग्रजीही येते.

आपला,
एक गाडीमालक
खानापूर तालुका, जिल्हा बेळगाव

ता. क. येत्या सोमवारी आमचा फिटर हार्नेसवरची सगळी टेप सोलून एकेक वायर तपासायला बसणार आहे. दोन दिवस जातील म्हणतो, आणि तेवढे दिवस भाड्याची गाडी सांगून ठेवली आहे. आपल्या खात्याच्या दबावाने डायग्राम त्याआधी आला तर कळवा, त्याला टेप आणायला सांगणार नाही.