दोन दिवसांचं काम

चि. निखिल,
अनेक आशीर्वाद.

रविवारी रागात फोन ठेवलास, म्हणून लिहितेय. तुझ्या बेकारी भत्त्याच्या तासांचा विषय काढायचा नाही असं ठरवलं होतं. पण "नुसता औषधवाला" एवढीच भूमिका म्हणून तू दोन दिवसांचं शूटिंग सोडलंस, म्हणजे २४ तास गेले. एका काशेचे, म्हणजे एका ठोक मानधनाचे, १२ तास धरले तर भत्त्याला लागणारे ५०७ तास भरायला ४३ काशे हवेत, तेही १२ महिन्यांत. तुझे किती झाले, ते सांगितलंच नाहीस.

फ्रेंच नट मार्सेल दालिओ आठव. १९३९ मध्ये दिग्दर्शक रन्वारच्या 'ला रेग्ल द्यू जू'मध्ये तो हवेलीचा मालक, मार्की, म्हणजे उमराव. १९४० मध्ये जीव मुठीत धरून फ्रान्स सोडावा लागला. मागे जर्मनांनी 'ज्यू असा दिसतो' म्हणून त्याचाच फोटो पोस्टरवर लावला. आणि १९४२ च्या 'कासाब्लांका'त तो जुगाराच्या टेबलावरचा नोकर, श्रेयनामावलीत नावसुद्धा नाही. इथे जुगार चालतो म्हणून पोलीस कप्तान कॅफे बंद करतोय, आणि तेवढ्यात दालिओ कप्तानानेच जिंकलेल्या नोटा अदबीने त्याच्या हातात ठेवतो. काही सेकंदांचं काम. विनोद करतोय असं कुठेही दाखवत नाही, नोकर देईल तसे पैसे देतो, म्हणून तर हसू फुटतं. हे मार्कीच्या भूमिकेपेक्षा सोपं नाही, निखिल.

तसाच दुसरा फ्रेंच नट, झाँ कार्मे, चाळीसच्या दशकापासून बारीकसारीक भूमिका करत होता. सहायक अभिनेत्याचा पहिला सेझार, म्हणजे फ्रेंच चित्रपटांचा पुरस्कार, १९८३ मध्ये, वयाच्या बासष्टाव्या वर्षी, 'ले मिझेराब्ल'मधल्या तेनार्दिएच्या भूमिकेसाठी. दुसरा १९९२ मध्ये. सुरुवातीची कित्येक वर्षं घर त्या बारीकसारीक कामांवरच चाललं असणार ना?

बघ, पुन्हा शिकवणी सुरू झाली माझी. रागावू नकोस. तुला अभिनय मी काय शिकवणार! गॅदरिंगला भालदार होतास, एकच ललकारी, पण ती अशी दिलीस की आप्पा खुर्चीतून उठून उभे राहिले होते.

तरी एवढं कर. मित्रांच्या लघुपटात फुकट काम जरूर कर, पण त्याचे तास धरले जात नाहीत. डबिंगचे धरतात. नाटकाच्या तालमींचे पैसे मिळत असतील तर तेही. मान्यताप्राप्त संस्थेत शिकवलंस तर ७० तासांपर्यंत चालतात. छोट्या निर्मात्यांकडून महिन्याचा दाखला पाठवायचा राहून जातो, आणि दाखला नाही तर तास नाहीत. म्हणून काम संपलं की आठवण कर, 'फ्रान्स त्रावाय' या सरकारी रोजगार कार्यालयाच्या तुझ्या खात्यात तो दिसेपर्यंत सोडू नकोस. तिथे दर महिन्याची नोंद पुढच्या महिन्याच्या १५ तारखेच्या आत. ती चुकली की बेरोजगारांच्या यादीतून नाव जातं, भत्ता अडकतो, आणि भाडं काही थांबत नाही. रजेचे पैसेही आपणहून मागावे लागतात, कुणी घरी आणून देत नाही.

सायलीला हे वाचून दाखवू नकोस, ती उगाच घाबरेल. मार्चमध्ये तुझी भत्त्याच्या नूतनीकरणाची तारीख आहे. तोवर किती काशे जमलेत, तो आकडा तेवढा कळव. बाबांना नाही, मला.

तुझी,
आई