महाराणीचा फोटो छापलात, टिळक आणि फुले राहिले

प्रति,
संपादक महोदय,
सप्रेम नमस्कार.

मागच्या रविवारी पुरवणीत हिंदी सिनेमातल्या गाजलेल्या खलनायकांवर तुम्ही पानभर मजकूर दिलात, त्यात सदाशिव अमरापूरकरांना एक चौकट मिळाली, सोबत 'सडक'मध्ये त्यांनी केलेल्या महाराणीचा साडीतला फोटो, आणि खाली तीन ओळी, की 'अर्धसत्य' केला, 'सडक' केला, आणि 'मराठी रंगभूमीवरून ते हिंदीत आले'. झालं, संपलं. ते शेवटचं वाक्य वाचून माझं डोकं फिरलं म्हणून हे पत्र, लांबलं तर कात्री लावा पण मधला भाग कापू नका प्लीज.

'रंगभूमीवरून आले' म्हणजे काय हो? एसटीने आले असं सांगतो तसं आपण हे सांगतो. कुठल्या नाटकावरून आले, काय करत होते, कोणी बघितलं, आणि आल्यावर मागचं सुटलं का, यातलं काहीच नाही. मी नगरचा, (आता अहिल्यानगर, पण जीभ अजून वळत नाही) आमच्याकडे जुनी माणसं त्यांना तात्याच म्हणायची, मूळ नाव गणेश, सदाशिव हे नाव त्यांनी नंतर घेतलं. तेव्हा थोडा गाववाला म्हणून राग आहे हे कबूल, पण सगळाच तेवढा नाहीये.

आता बघा. १९७९ साली '२२ जून १८९७' नावाचा मराठी सिनेमा आला, नचिकेत आणि जयू पटवर्धन यांचा, चापेकर बंधूंवरचा. त्यात लोकमान्य टिळक कोण होते? अमरापूरकर. आणि पुढे १९८८ मध्ये दूरदर्शनवर बेनेगलांची 'भारत एक खोज' लागायची तेव्हा त्यात महात्मा फुले कोण? तेही अमरापूरकरच. एकाच माणसाने टिळकही करायचे आणि फुलेही करायचे, एकदा मराठीत आणि एकदा हिंदीत, आणि दोन्ही वेळा लोकांना पटायचे, महाराष्ट्रात हे किती अवघड आहे ते तुम्हाला मी सांगायला नको. बरं 'भारत एक खोज'च्या एकच वर्ष आधी 'हुकूमत' येऊन गेलेला, धर्मेंद्रसमोर हा माणूस व्हिलन म्हणून थिएटरात शिव्या खात होता, आणि ज्या घरांनी शिव्या घातल्या त्याच घरांत रविवारी सकाळी टीव्हीवर हाच जोतीराव म्हणून बोलतोय. आमच्या आईने तर बराच वेळ ओळखलंच नाही, मग ओळखलं आणि म्हणाली, अगंबाई हा तर तो मेला!

'हँड्स अप' या नाटकाचं नाव तुमच्या चौकटीत नव्हतं. ऐंशीच्या दशकाच्या सुरुवातीचं नाटक, अविनाश मसुरेकर, भक्ती बर्वे आणि अमरापूरकर, आणि ते बघूनच गोविंद निहलानींनी त्यांना 'अर्धसत्य'साठी उचललं. म्हणजे तो हिंदी खलनायक एका मराठी प्रयोगाला बसलेल्या दिग्दर्शकाला सापडला. तुमच्या तीन ओळींमधली सगळ्यात भारी गोष्ट हीच होती आणि तीच राहिली. शिवाय त्या 'अर्धसत्य'चं बघा ना, कथा श्री. दा. पानवलकरांची, पटकथा तेंडुलकरांची, कविता दिलीप चित्रेंची, संवाद वसंत देवांचे. हिंदी सिनेमा म्हणायचा पण निम्मं सामान आपल्या घरातलं! आणि १९८३ हेच ते साल ज्यात तेंडुलकरांचं 'कन्यादान' रंगमंचावर आलं, त्याचं दिग्दर्शन अमरापूरकरांचं होतं. एकाच वर्षी एकाच लेखकाच्या हिंदी सिनेमात गुंड आणि मराठी नाटकाचा दिग्दर्शक, तेही साधंसुधं नाटक नाही, समाजवादी घरातली मुलगी दलित मुलाशी लग्न करते आणि मग बापाच्या आदर्शवादाचं काय होतं, ज्यावरून तेंडुलकरांनी नंतर किती ऐकून घेतलं.

'अर्धसत्य'मधला त्यांचा गुंड म्हणजे रामा शेट्टी, त्याच्याबद्दल थोडं लिहितोच. परवा हट्टाने 'अर्धसत्य' पुन्हा बघितला, घड्याळ घेऊन नाही पण बोटांवर मोजता येतील एवढेच सीन आहेत त्याचे. इन्स्पेक्टर झालेला ओम पुरी पूर्ण सिनेमाभर आतून धुमसतोय, आणि हा समोर लुंगीत निवांत. आवाज चढवत नाही. नाटकवाल्या माणसाची पहिली सवय काय असते, तर आवाज शेवटच्या रांगेपर्यंत गेला पाहिजे, बाल्कनीतला माणूस खोकला तर त्याच्यावरून गेला पाहिजे. ती सवय या माणसाने कॅमेऱ्यासमोर पार उलटी केली, इतकं हळू बोलतो की ऐकायला आपणच पुढे झुकतो, आणि झुकलो की त्याच्या ताब्यात गेलो. पण नीट बघाल तर नाटक गेलेलं नाहीये, वाक्याच्या आधी थांबणं आहे ना, समोरच्याला पूर्ण बोलू द्यायचं, मग एक क्षण काहीच करायचं नाही, आणि मग बोलायचं, ते प्रयोग करून करूनच अंगात येतं. कॅमेऱ्यावर नवखा माणूस घाबरून आधीच बोलून मोकळा होतो. त्या थोड्याशा कामाला फिल्मफेअरचं सहाय्यक अभिनेत्याचं बक्षीस मिळालं, आणि पुढे 'सडक'ला (१९९१) सर्वोत्कृष्ट खलनायकाचं, ते बक्षीसच त्या वर्षी नवीन सुरू झालं होतं, म्हणजे पहिले मानकरी हेच.

त्यानंतरच्या बऱ्याच हिंदी सिनेमांबद्दल काही बोलत नाही, बोलण्यासारखं नाही. डोळे वटारायचे, गमतीशीर तकियाकलाम, शेवटी हिरोचा मार. पोटापाण्याचा प्रश्न असतो, नाटकाच्या नाईटवर, म्हणजे दर प्रयोगाला मिळणाऱ्या पैशांवर, मुंबईत घर चालत नाही हे सगळ्यांना माहितीये, आणि शूटिंगच्या तारखा एकदा सुरू झाल्या की प्रयोगाच्या तारखा मार खातात, मग रिप्लेसमेंट येते, मग हळूहळू नाटक सुटतं. दोन भाषांत काम करणाऱ्या जवळपास प्रत्येक नटाची हीच रड. पण मला गंमत वेगळीच वाटते. १९९५ मध्ये 'कुली नंबर वन'मध्ये हा माणूस लग्नं जुळवणारा पंडित होऊन हसवतोय, आणि त्याच सुमाराला सुमित्रा भावे-सुनील सुकथनकरांच्या 'दोघी'मध्ये हाच मामा आहे, भाचीचं लग्न मोडल्यावर तिला मुंबईला घेऊन जाणारा, आणि पुढे तिचं काय झालं ते ज्यांनी बघितलंय त्यांना माहितीये. एकीकडे लग्नं जुळवतोय आणि दुसरीकडे मोडलेल्या लग्नातली पोरगी उचलून नेतोय! 'दोघी'तल्या मामाला खलनायकही म्हणवत नाही हो, तेच तर वाईट वाटतं बघताना. नंतर त्याच दिग्दर्शकांच्या 'वास्तुपुरुष'मध्येही होते. हे सगळं मराठी, सगळं उपलब्ध, आणि तुमच्या पानावर एकही नाही.

हे एकट्या अमरापूरकरांचंच नाही म्हणा. निळूभाऊ फुल्यांनी 'सखाराम बाइंडर' केला, आणि हिंदीवाल्यांना ते आठवतात 'सारांश'मधले पुढारी म्हणून. विजू खोटे जन्मभर 'शोले'तले कालिया. अच्युत पोतदारांनी आधी सैन्यात, मग इंडियन ऑइलमध्ये नोकरी करून सव्वाशेच्या घरात सिनेमे केले, आणि नव्या पोरांना त्यांचं फक्त 'थ्री इडियट्स'मधल्या प्रोफेसरचं एक वाक्य मोबाइलवर फिरतं म्हणून माहीत. हिंदीवाले असं करतात ते समजू शकतो, त्यांनी आपली नाटकं कुठे बघितलीत. पण मराठी पेपरने पण तोच चष्मा लावायचा?

आणि शेवटी शेवटी काय झालं ते ऐका. २०१३ च्या 'बॉम्बे टॉकीज'मध्ये दिबाकर बॅनर्जींची एक गोष्ट आहे, नवाजुद्दीन सिद्दीकी फसलेला नट, त्याला शूटिंगमध्ये रस्त्यावरून चालत येऊन हिरोला धडकायचं एवढंसं काम मिळतं. तो बाजूला जाऊन तालीम करत असतो तर त्याचे मेलेले नाटकातले गुरू कचराकुंडीतून वर येतात आणि त्याला झापतात. ते गुरू अमरापूरकर. म्हणजे हिंदी दिग्दर्शकाला बरोब्बर कळलं होतं की हा माणूस मुळात कुठला, आणि आपल्याला नाही. पुढच्याच वर्षी ३ नोव्हेंबरला ते गेले, ६४ वर्षांचे होते. तेव्हाही बातमीबरोबर फोटो महाराणीचाच, मला चांगलं आठवतंय.

आता मुद्द्याचं. नाटकाचं काही उरत नाही, सिनेमाची प्रिंट असते, नाटकाची नसते. उरतं काय, तर तुमच्यासारख्या पेपरांच्या जुन्या अंकातलं नाटकांच्या जाहिरातींचं पान, कुठल्या नाट्यगृहात, किती वाजता, कितवा प्रयोग, कोण कोण नट. कुठला नट किती काळ मराठी नाटकात उभा होता आणि कधी त्याच्या जागी दुसरं नाव आलं हे त्याच बारीक टायपात सापडतं, दुसरीकडे कुठेही नाही. ती पानं तुमच्याकडे बांधून पडली असणार. ती स्कॅन करून वाचकांना खुली करा ना, फार खर्च येईल असं वाटत नाही, आणि पुढच्या वेळी चौकट लिहिणाऱ्या पोराला निदान ती बघायला तरी लावा, बिचारा नेटवर जे मिळालं ते लिहितोय, त्याची तरी काय चूक.

माझ्याकडे 'हँड्स अप'च्या जाहिरातीचं एक कात्रण आहे, वडिलांनी डायरीत घालून ठेवलेलं, पार पिवळं पडलंय, घडीवर फाटलंय, पण नावं वाचता येतात. छापायचं असेल तर पाठवतो. फक्त परत मिळालं पाहिजे, मागे एकदा एका साप्ताहिकाला दिलेला फोटो अजून आलेला नाही.

कळावे,
आपला एक जुना वाचक, नगर