उद्घोषणा झाली, निरोप पोचला का?

महोदय,

पावसात लोकल रखडल्या की ‘स्टेशनवर काही समजतच नाही’ ही तक्रार येते आणि उपाय ठरलेला असतो : आवाज वाढवा. हा उपाय बऱ्याचदा उलटा पडतो.

प्रेषक, संदेश, माध्यम, ग्राहक (म्हणजे निरोप घेणारा) ही साखळी संज्ञापनाच्या, म्हणजे कम्युनिकेशनच्या, प्रत्येक पाठ्यपुस्तकात असते. तिचा मूळ आराखडा अमेरिकी गणितज्ञ क्लॉड शॅनन यांनी १९४८ मध्ये मांडला, तोही दूरसंचाराच्या तांत्रिक प्रश्नासाठी. संदेशाचा अर्थ त्यांनी मुद्दाम बाजूला ठेवला होता, हे शिकवताना सांगायचे राहूनच जाते. व्यत्ययाचा, म्हणजे वाटेत संदेशात मिसळणाऱ्या गोंगाटाचा, त्यांचा विचार मात्र फलाटावर चपखल लागू पडतो.

उद्घोषणा नीट समजायची तर ती भोवतालच्या गोंगाटापेक्षा साधारण १० ते १५ डेसिबल वर हवी. गाडी फलाटात शिरताना ते जमणे कठीण. तेवढे थांबून बोलावे. पत्र्याच्या छपराखाली आवाज चढवला की घुमणेही चढते. शिवाय ध्वनी सेकंदाला सुमारे ३४० मीटर जातो. ऐकणाऱ्यापासून एक कर्णा दुसऱ्यापेक्षा १७ मीटर दूर असेल, तर त्याचा आवाज ५० मिलिसेकंद मागून येतो आणि शब्दावर शब्द चढू लागतो. म्हणून दोन-चार दणदणीत कर्ण्यांपेक्षा कमी आवाजाचे, जवळजवळ बसवलेले स्पीकर बरे.

गोंगाटात आधी व्यंजने बुडतात, स्वर तगतात. ‘सहा’ आणि ‘दहा’ यांत फरक एका व्यंजनाचाच. दादरला पूर्वी पश्चिम आणि मध्य दोन्ही रेल्वेंचा फलाट १ होता. ९ डिसेंबर २०२३ पासून मध्य रेल्वेचे फलाट ८ ते १४ झाले आणि तो घोळ मिटला. पण सहा पश्चिम रेल्वेवर, दहा मध्य रेल्वेवर. ऐकण्यात चूक झाली की पूल ओलांडेपर्यंत गाडी गेलेली. ‘फलाट क्रमांक दहा, मध्य रेल्वे’ हे जादा शब्द वायफळ नाहीत. एक बुडाला तर दुसरा सावरतो. फलाट बदलला तर जुना क्रमांक उच्चारूच नये; घाईत नेमका तोच कानात राहतो. नवा दोनदा सांगावा.

खरी उणीव प्रतिसादाची. रेल्वे फाटकावर फोनने निरोप देताना स्टेशन मास्तर आणि गेटमन एकमेकांना प्रायव्हेट नंबर (निरोपाची खूण म्हणून वापरायचा गुप्त आकडा) देतात, तो नोंदवतात आणि मगच निरोप पोचला असे धरतात. प्रवाशांसाठीच्या उद्घोषणेला अशी परतीची वाट नाही. माइकपाशी बसलेल्याला फलाटाच्या टोकाला काय ऐकू गेले, हे कळणार कसे? गर्दीच्या वेळी दोन्ही टोकांच्या कर्मचाऱ्यांनी ऐकलेला क्रमांक वॉकीटॉकीवर परत सांगावा. चुकला तर उद्घोषणा पुन्हा व्हावी. आणि यंत्रणेची चाचणी संध्याकाळी साडेसहाला, शेजारच्या फलाटावर गाडी येत असताना घ्यावी. पहाटे रिकाम्या स्टेशनात सगळेच स्पष्ट ऐकू येते.

– संज्ञापन शिकवणारे काही अध्यापक, मुंबई