तळमजल्यावरच्या काकांस जाहीर आभारपत्र

तीर्थस्वरूप काकांस,
शिरसाष्टांग नमस्कार.

समोर बसून आभार मानू लागले की तुम्ही लगेच चहाचा विषय काढता, म्हणून हे पत्र चारचौघांत लिहीत आहे.

तीन वर्षांपूर्वी एका ध्वनिमुद्रणातून मला अर्ध्यावर परत पाठवले गेले. आवाज नाटकी आहे, माईकला चालणार नाही, एवढेच कारण सांगितले होते. बारा वर्षे नाट्यसंगीत शिकून शेवटच्या रांगेपर्यंत पोचणारी जी फेक कमावली, तीच दोष ठरली होती. त्या संध्याकाळी तुम्ही माझे सांत्वन केले नाही, हे तुमचे पहिले उपकार. कपाटातून स्टेफनी मिल्स या अमेरिकी गायिकेच्या दोन ध्वनिमुद्रिका काढून माझ्या हातात ठेवल्यात आणि म्हणालात, "आधी ही ऐक, मग ती, आणि दोन्हींत बाई एकच आहे हे विसरू नकोस."

पहिली होती 'द विझ' या संगीतिकेची. ब्रुकलिनची ही मुलगी, उंची पाच फुटांहूनही कमी, ५ जानेवारी १९७५ रोजी न्यूयॉर्कच्या ब्रॉडवे रंगभूमीवर नायिका डोरोथी म्हणून उभी राहिली तेव्हा सतरा वर्षांची होती. सुरुवातीला बंद पडायच्या बेतात असलेले ते नाटक दूरचित्रवाणीवरच्या जाहिरातीने सावरले आणि पुढे त्याचे १६७२ प्रयोग झाले. त्याला रंगभूमीसाठीचे सात टोनी पुरस्कार मिळाले, पण डोरोथीला साधे नामांकनही नव्हते. (हे सांगताना तुम्ही दर वेळी चिडता.) शेवटचे 'होम' हे गाणे ती जवळजवळ स्वतःशी बोलल्यासारखे सुरू करते आणि पायरी पायरीने चढवत अखेर सगळे नाट्यगृह भरून टाकते. ऐकताना मला पडदा पडण्यापूर्वीची भैरवी आठवली.

दुसरी १९८० सालची. मधल्या काळाबद्दल तुम्ही थोडक्यात सांगितलेत: मोटाउन या ध्वनिमुद्रिका कंपनीने बर्ट बॅकरॅक आणि हॅल डेव्हिड यांच्यासारखी संगीतकार-गीतकारांची मातबर जोडी देऊन तिचा संग्रह काढला, तो चालला नाही आणि कंपनीने तिला सोडून दिले. पुढे जेम्स एमटुमे आणि रेजी लुकास या दोघांनी तिच्यासाठी जे संगीत केले, त्यात तिच्या आवाजाला आरडाओरडा न करता वावरायला जागा होती. त्यातले 'नेव्हर न्यू लव्ह लाइक धिस बिफोर' हे गाणे अमेरिकेतल्या लोकप्रिय गाण्यांच्या मुख्य यादीत सहाव्या क्रमांकापर्यंत गेले आणि तिला संगीतातला ग्रॅमी पुरस्कारही मिळवून गेले. त्या गाण्यात ती बहुतेक वेळ आवाज राखून गाते. मात्र शब्दांची टोके स्वच्छ आहेत, श्वास कुठे घ्यायचा हे पक्के ठरलेले आहे आणि ओळीतला भाव कोणाला उद्देशून आहे हे ती क्षणभरही विसरत नाही. रंगभूमीवरचे शिक्षण तिने टाकून दिले नव्हते. त्याचे अंतर तेवढे बदलले होते. तुम्ही सुई उचलून तीच एक ओळ चार वेळा ऐकवलीत, तेव्हा हे माझ्या कानात शिरले.

मग तुम्ही मला माईकपासून वीतभर अंतरावर बसवून एक जुने नाट्यपद कुजबुजीच्या पट्टीत म्हणायला लावलेत. हरकती गळून पडल्या, शब्द उरले. तीन महिने रोज अर्धा तास हेच चालले, आणि तुम्हाला स्वतःला गाता येत नाही, हे तुम्ही रोज न चुकता सांगत होतात.

१९८९ साली तिने 'होम' पुन्हा गायले, टेक सिक्स या गायकवृंदाच्या कंठांची साथ घेऊन, आणि ते रिदम अँड ब्लूज या कृष्णवर्णीय अमेरिकी संगीतप्रकाराच्या यादीत पहिल्या क्रमांकावर पोचले. गाण्याचे संगीतकार चार्ली स्मॉल्स त्याआधी दोनच वर्षांपूर्वी वारले होते. २०१५ मध्ये 'द विझ' दूरचित्रवाणीवर थेट सादर झाले, तेव्हा ती डोरोथीच्या मावशीच्या भूमिकेत होती; चाळीस वर्षांपूर्वी जे गाणे तिने भाची म्हणून ऐकले, ते या वेळी तिने नव्या डोरोथीला ऐकवले. ते बघताना तुम्ही चष्मा पुसत होतात. मी पाहिले नाही असे दाखवले.

गेल्या महिन्यात माझे पहिले ध्वनिमुद्रण पुरे झाले. तुमच्या दोन्ही ध्वनिमुद्रिका अजून माझ्याकडेच आहेत. रविवारी आणून देते. चहा मात्र मी करीन.

आपली नम्र,
वरच्या मजल्यावरची