मंत्रीसाहेब, १९ जानेवारी २०३८ ची तयारी आत्तापासून करा

मा. माहिती तंत्रज्ञान मंत्री, महाराष्ट्र राज्य,
सप्रेम नमस्कार.

गोष्टींमध्ये असतं ना, कोणीतरी यंत्रात बसून भूतकाळात जातो, स्वतःच्याच आजोबांना मारतो, मग हा जन्मलाच कसा? लहानपणी असलं वाचून माझी झोप उडायची, पण शेवटी गोष्टच ती म्हणून सोडून द्यायचो. आता सोडवत नाही, कारण तसलंच काहीतरी मी माझ्या टेबलावर बघितलंय.

मी भोसरीत हजेरीच्या थंब मशीन रिपेअर करतो. परवा एका जुन्या मशीनची तारीख मुद्दाम पुढे नेली, १९ जानेवारी २०३८, सकाळी ८:४०. अंगठा लावला, इन पडलं. पाच मिनिटांनी परत लावला तर आउट पडलं १४ डिसेंबर १९०१, पहाटे सव्वादोन. म्हणजे माणूस कामावर यायच्या १३६ वर्षं आधीच घरी गेलेला!

होतं असं की जुन्या सिस्टिम १ जानेवारी १९७० पासूनचे सेकंद मोजतात आणि ३२ बिटच्या जागेत २१४७४८३६४७ च्या पुढचा आकडा मावतच नाही, आपल्या वेळेप्रमाणे ८ वाजून ४४ मिनिटं ७ सेकंदांना ती जागा भरते आणि पुढच्याच सेकंदाला आकडा उलटून मायनसमध्ये जातो, म्हणजे १९७० च्या मागे, थेट १९०१ मध्ये.

नवे फोन, कॉम्प्युटर ६४ बिटचे, म्हणजे आकड्याला जागा खूप मोठी, त्यांचं टेन्शन नाही. मला भीती वाटते ती भिंतीला ठोकून विसरलेल्या डब्यांची. पंपहाऊसचे कंट्रोलर, लिफ्टचे पॅनल, हॉस्पिटलातल्या मशीन, हे पंधरा-वीस वर्षं कोणी बदलत नाही, म्हणजे आज टेंडर काढून घेतलेला माल तेव्हा चालूच असणार. आणि गडबड त्या दिवसापर्यंत थांबेलच असं नाही, आज वीस वर्षांचं होम लोन घेतलं तर हप्ते २०३८ च्या पलीकडे जातातच की, आणि त्या तारखा सिस्टिमला आजच मोजाव्या लागतात.

लोक म्हणतात वायटूकेला, म्हणजे सन २००० लागताना कॉम्प्युटरच्या तारखा गडबडतील अशी भीती होती तेव्हा, तरी कुठे काय झालं. अहो साहेब, झालं नाही कारण त्याआधी आपलीच पोरं रात्र-रात्र बसून कोड दुरुस्त करत होती!

माझी मागणी छोटी आहे. सरकारी टेंडरमध्ये एक अट टाका, २०३८ नंतरची तारीख लावून मशीन चालवून दाखवा, मगच बिल पास. आणि जुन्या मालाची यादी करायला घ्या, आधी पाणी आणि हॉस्पिटल, बाकीचं नंतर.

ते मशीन अजून माझ्या टेबलावरच आहे. तुमच्या खात्यातलं कोणीही पाठवा, समोर करून दाखवतो, दहा मिनिटं लागतील.

आपला,
एक मेकॅनिक, भोसरी