प्रेमकथेतून गाळलेले ३० दिवस

संपादक महोदय,
सप्रेम नमस्कार.

मराठी मालिका असो, वेब सिरीज असो, की साक्री-शिरपूरकडच्या शेतात चित्रित झालेला अहिराणी गाण्याचा व्हिडिओ, घरून विरोध झाला की जोडपे पळते ते थेट मंदिरात. हार, मंगळसूत्र, मागून जीप. नाहीतर वकिलाच्या टेबलावर एक सही आणि मित्रांचा गलका, ‘झालं कोर्ट मॅरेज!’ पडद्यावर दोन मिनिटांत उरकणारे हे प्रकरण पाहून खरीच मुले-मुली तसे करायला निघतात आणि फसतात.

मुळात कोर्ट मॅरेज कोर्टात होत नाही. ते १९५४ च्या विशेष विवाह कायद्याखाली निबंधक कार्यालयात, विवाह अधिकाऱ्यासमोर होते. मुलाला २१ आणि मुलीला १८ वर्षे पूर्ण हवीत. आधी त्या कार्यालयात ‘आम्ही लग्न करणार आहोत’ अशी लेखी नोटीस द्यावी लागते. दोघांपैकी एकाने तरी नोटिशीच्या लगेच आधीचे किमान ३० दिवस त्या जिल्ह्यात काढलेले हवेत. नोटीस दिली की ती कार्यालयात लावली जाते आणि पुन्हा ३० दिवस थांबावे लागते. मात्र नोटिशीपासून ३ महिन्यांत लग्न लागले नाही, तर ती बाद होते आणि सगळे पहिल्यापासून.

पुढचा भाग पटकथाकारांनी लक्ष देऊन वाचावा. पुण्यात नोकरी, पण कायमचा पत्ता चोपड्याचा किंवा शहाद्याचा, अशी हजार मुले आहेत. त्यांनी पुण्यात नोटीस दिली, तर तिची प्रत कायम रहिवासाच्या जिल्ह्यातल्या विवाह अधिकाऱ्याकडेही जाते आणि तिथल्या फलकावरही लागते. पुण्यात गुपचूप केलेला अर्ज जळगावात किंवा नंदुरबारला कुणा ओळखीच्याच्या नजरेस पडला, की फलकावरून गावच्या पारावर पोहोचायला त्याला एक दुपार पुरते. जीपच्या पाठलागापेक्षा या ३० दिवसांत जास्त नाट्य आहे. पण ते कुणी लिहीत नाही.

हरकत कुणीही घेऊ शकतो. कारणे मात्र कायद्याने ठरवलेली आहेत: घटस्फोट न झालेला पती किंवा पत्नी हयात असणे, वय कमी असणे, मानसिक अवस्थेमुळे संमती देता न येणे आणि नाते निषिद्ध असणे. जात वेगळी, धर्म वेगळा, बापाला पसंत नाही, ही हरकत होतच नाही. हरकत आलीच तर अधिकाऱ्याने ३० दिवसांत निर्णय द्यायचा असतो, आणि ती मान्य झाली तर जिल्हा न्यायालयात अपील करता येते. निषिद्ध नात्यांच्या यादीत एक गंमत आहे. आपल्याकडे जिच्यावर भाच्याचा पहिला हक्क सांगतात, ती मामाची मुलगी या यादीत बसते! शासनाने राजपत्रात जाहीर केलेली रूढी असेल तरच सूट मिळते. हिंदू विवाह कायद्यात रूढीचा आधार घेता येतो, म्हणून अशा जोडप्याने विधी करून लग्न लावणेच सोयीचे.

प्रत्यक्षात घोडे अडते ते कागदांवर. शाळा सोडल्याच्या दाखल्यावरचे नाव आधारशी जुळत नाही. भाड्याच्या खोलीचा करार केलेला नसतो, मग ३० दिवसांचा रहिवास दाखवायचा कशाने? घटस्फोट झालेला असतो, पण हुकूमनाम्याची प्रमाणित प्रत हाताशी नसते. साक्षीदार तीन लागतात आणि त्यातला एक ऐनवेळी फोन बंद करून बसतो. चौथा तयार ठेवावा.

सर्वात जास्त फसवणूक नोटरीच्या कागदाने होते. ५०० रुपयांच्या मुद्रांकावर ‘आम्ही आजपासून पती-पत्नी’ असे लिहून शिक्का मारला, तरी लग्न झालेले नसते. नोटरीला तो अधिकारच नाही. मंदिरातले लग्न दोघे हिंदू असतील (कायद्याच्या अर्थाने बौद्ध, जैन, शीखही) तर चालते, पण विधी पूर्ण व्हायला हवेत. ज्यांच्या रूढीत सप्तपदी आहे, त्यांचे लग्न सातवे पाऊल पडल्यावरच पुरे होते. विधी न करता नुसते प्रमाणपत्र काढले तर तो हिंदू विवाह ठरत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२४ मध्ये स्पष्ट केले आहे. तेव्हा घाईत घातलेल्या हाराचा फोटो पुरणार नाही. विधींचे फोटो, लग्न लावणाऱ्याची सही आणि साक्षीदार घेऊन ९० दिवसांच्या आत ग्रामपंचायत किंवा पालिकेत नोंदणी करावी.

घरच्यांनी ‘मिसिंग’ दिली असेल, तर सज्ञान मुलीने वयाचा पुरावा घेऊन पोलिसांकडे स्वतः जबाब द्यावा. धमकी असेल तर पोलीस अधीक्षकांकडे लेखी अर्ज करून पोच घ्यावी. अशा जोडप्यांसाठी जिल्ह्यात विशेष कक्ष असावा, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१८ मध्येच सांगितले आहे. मुलगी १८ च्या आतली असेल तर मात्र गोष्ट वेगळी: तिची संमती कायदा धरत नाही आणि मुलावर पोक्सो, म्हणजे बालकांवरील लैंगिक अत्याचारांविरुद्धचा कायदा, लागतो. गणवेशातल्या प्रेमावर गाणी करणाऱ्यांना हे कुणीतरी सांगायला हवे.

एक तक्रार आपल्याकडेही. २३ वर्षांची मुलगी आणि २६ वर्षांचा मुलगा लग्न करायला गेले, की बातमीचा मथळा ‘प्रेमीयुगुल पळाले’. सज्ञान माणसे पळत नाहीत, जातात. निदान वय तरी मथळ्यात द्या.

आणि अहिराणी व्हिडिओवाल्यांसाठी एक तयार प्रसंग. निबंधक कार्यालयात मंत्र नसतात. तीन साक्षीदारांसमोर दोघांनी एकमेकांना ‘मी तुला कायदेशीर पती किंवा पत्नी म्हणून स्वीकारतो/स्वीकारते’ असे म्हणायचे असते, आणि त्यावाचून लग्न पूर्ण होत नाही. भाषेची अट एकच, ती दोघांना समजली पाहिजे. म्हणजे ते वाक्य अहिराणीतही चालते.

आपला,
एक वकील वाचक, अमळनेर