बुडाला, पण कशावरून?

मा. संपादक,
स. न.

पावसाळा आला की आपल्या दैनिकाच्या आतल्या पानावर ‘पर्यटकाचा बुडून मृत्यू’ हा मथळा ठरलेला. मी गोव्यातल्या काणकोणची. गेली काही वर्षे एका रुग्णालयाच्या रेकॉर्ड विभागात कोडिंगचे काम करते, म्हणजे डॉक्टरांनी केसपेपरवर लिहिलेला आजार किंवा इजा वाचून तिला आंतरराष्ट्रीय वर्गीकरणातला क्रमांक द्यायचा. त्या खुर्चीवरून या मथळ्याबद्दल थोडे सांगायचे आहे.

गेल्या हंगामात एक तरुण पर्यटक दाखल झाला. केसपेपरवर एकच ओळ : ‘निअर ड्राउनिंग (म्हणजे बुडता बुडता वाचलेला), समुद्रातून आणला.’ (हा ‘निअर ड्राउनिंग’ शब्द २००२ साली ॲमस्टरडॅमच्या परिषदेत तज्ज्ञांनी मोडीत काढला. बुडणे ते बुडणेच, माणूस वाचो की न वाचो. आमच्याकडे तो अजून सुखाने नांदतो आहे.) इजेचा क्रमांक टी ७५.१, त्यात अडचण नव्हती. अडचण पुढच्या क्रमांकाची, म्हणजे कारणाच्या. कागदावर नुसता समुद्र, म्हणून डब्ल्यू ६९ : नैसर्गिक पाण्यात असताना बुडणे. थोडक्यात, पोहायला उतरलेला माणूस.

तो पोहायला उतरलाच नव्हता. त्याला ओढून काढणाऱ्यांत माझा मावसभाऊ होता, रापणीवरचा, म्हणजे किनाऱ्यावरून ओढायच्या मोठ्या जाळ्यावरचा माणूस. त्याच संध्याकाळी घरी चहा पिताना त्याने सगळे सांगितले. ओहोटी लागलेली, खाडीचे पाणी तोंडाशी जोरात बाहेर पडत होते आणि समोरून लाट येत होती. तिथे त्याची कयाक, म्हणजे वल्ह्याची छोटी निमुळती होडी, आडवी झाली आणि उलटली. लाईफ जॅकेट होते, पण पट्टे बांधायचा कंटाळा, म्हणून ते बुडाखाली गादीसारखे घेऊन हा वल्ही मारत होता. ते तरंगत एकीकडे गेले, हा दुसरीकडे.

कयाक उलटून बुडण्याला स्वतंत्र क्रमांक आहे : व्ही ९०.५. कयाक न उलटता नुसता तोल जाऊन पडला तर व्ही ९२.५. खडकावरून फोटो काढताना पाय घसरला तर डब्ल्यू ७०. ज्याने हे वर्गीकरण केले तो वेडा नव्हता. पहिल्यात जॅकेट आणि भरती-ओहोटीची वेळ पाहायची, शेवटच्यात खडकावर माणसाला जाऊच द्यायचे नाही. जीवरक्षक कुठे उभा करायचा हेसुद्धा यावरच ठरायला हवे.

मी डॉक्टरसाहेबांना विचारायला गेले. ते म्हणाले, “अहो, कशावरूनही पडला तरी फुफ्फुसात पाणी तेच.” उपचारापुरते खरेच आहे ते. पण आमच्या कामाचा नियम असा की कागदावर नाही ते घडलेच नाही. ऐकीव माहिती घालता येत नाही, मग ती सख्ख्या मावसभावाची का असेना. भाऊ म्हणाला, “तुला ठाऊक आहे ना, मग लिही की!” त्याला काय सांगणार? तो तरुण तिसऱ्या दिवशी घरी गेला आणि आमच्या दप्तरात कायमचा पोहणारा म्हणून राहिला. नशीब, निदान समुद्र तरी लिहिला होता. नुसते ‘बुडाला’ एवढेच असते तेव्हा डब्ल्यू ७४, म्हणजे तपशील नाही, आणि विषय संपला.

नीट लिहिले तरी आणखी एक गंमत आहेच. व्ही हा गट वाहतूक अपघातांचा. त्यामुळे खाडीत वल्हे मारणारा आणि महामार्गावर ट्रकखाली आलेला दोघे एकाच गटात जातात. जागतिक आरोग्य संघटनेच्या २०१४ च्या अहवालातही जलवाहतुकीतले बळी बुडण्याच्या मुख्य आकड्यात धरलेले नव्हते. म्हणून बुडालेल्यांची बेरीज करणाऱ्याने डब्ल्यू ६५ ते ७४ वर न थांबता व्ही ९० आणि ९२ सुद्धा उघडून पाहावेत. मांडवी, झुवारी, साळ, म्हादईवरचे पावसाळी राफ्टिंग, पाळोळ्याच्या कयाक : आपल्याकडे हा हिशेब लहान नाही.

कॅज्युअल्टीतल्या डॉक्टरांना रात्री दोन वाजता निबंध लिहा असे मी म्हणत नाही. पाण्यात कसा गेला, कशावर होता, जॅकेट अंगात होते का, एवढे आणणाऱ्याला विचारून लिहावे. आणणारा बहुतेक वेळा बाहेर ओल्या कपड्यांत उभाच असतो. पंचनाम्यातही हेच यावे. आणि आपल्या वार्ताहरांनीही ते विचारावे, कारण त्या तरुणाची बातमी आपल्याकडे आली होती, चार ओळींची. तीत कयाक नव्हती.

आपली,
एक वाचक, काणकोण
(कृपया नाव छापू नये.)